बांगडीचं माप

जालना, संक्रांत १९९४

माझ्या द्वारकाआत्या,

माझ्या लग्नात कासारीण माझ्या जाड हातात लहान बांगड्या दाबून भरत व्हती. रगत आल्तं. तू म्हणली, "पोरीचा हात चांगलाय. बांगडीचं माप बदल!" बाया हसल्या, तुझ्या आडव्या अंगाला बी. मला तुझीच लाज वाटल्ती. मंग कित्येक वर्षं मी अर्धीच भाकर खाल्ली. तू मात्र पोटभर खाऊन कोसभर रानात चालत जायची.

आज माझ्या पोरीनं कासारणीपुढं हात लपवला. मी तो पुढं ओढला अन् तुझंच बोलणं मोठ्यानं बोलले.

हे पत्र धाडत न्हाई. तुला वाचता येत न्हाई, अन् माझी माफी दुसऱ्याच्या तोंडून नको. रविवारी येते, तुझ्यासंगं रानात चालायला. दोघींसाठी बांगड्या आणते, एकाच मापाच्या.

तुझ्याच अंगाची भाची,
कुशावर्ता