आर्जेओच्या वाटणीची पान्चेत्ता

रोक्कालानेरा, ११ मार्च १९६८

चि. आर्जेओ यास,
इल्देचे आशीर्वाद.

नऊ वर्षांनी माझं अक्षर बघून दचकशील. सगळं ठीक आहे असं आधी लिहायची रीत आहे, म्हणून लिहिते. थंडी ओसरली. गाय व्यायली. शेजारची चेझीरा अजून ठणठणीत आहे आणि तिची अंडी माझ्याच कोंबड्या फोडतात असं गावभर सांगते.

यंदाचं डुक्कर अंगाने बारीकच होतं. जानेवारीत चंद्र उतरणीला लागल्यावर कापलं. बाबांनी पोटाच्या दोन पट्ट्या काढल्या आणि मीठ चोळायला या वेळी मला बोलावलं. तुला ठाऊक आहे, पाळी येणाऱ्या बाईने मिठातल्या मांसाला शिवायचं नाही, नासतं म्हणतात. बाबांनी सरळ विचारलं, "काय गं, संपलं का तुझं?" मी हो म्हटलं. "मग ये आता तळघरात." एकोणपन्नासाव्या वर्षी हा मान मिळाला! तिथे हसले आणि वर जाऊन रडले. नवरा नाही, मूल नाही, हाताला काय तर मीठ.

मी मूळ गोष्ट टाळते आहे. बाबा गेले. दोन तारखेला, शनिवारी. तुला तार मुद्दाम केली नाही. का, ते सांगते.

तू भांडून तोरिनोला निघालास तेव्हा "या उंबऱ्यात पुन्हा पाय ठेवू नकोस" असं बाबा ओरडले, ते तुझ्या कानात असेलच. पुढच्याच हिवाळ्यात त्यांनी मीठ मुरलेल्या पोटाच्या पट्ट्या वळून दोन पान्चेत्ता बांधल्या आणि एकीच्या सुतळीला लाल चिंधी अडकवली. वसंतात ती माझ्यासमोर ठेवून म्हणाले, "ही त्याची. चिठ्ठीबिठ्ठी काही नको. नुसती त्याच्या पत्त्यावर पोस्टात टाक."

तेव्हापासून दर वर्षी एक लाल चिंधीची. मिठात हात घालायला मी अपवित्र, पार्सल न्यायला मात्र मीच. मी बसने खाली जायचे, पोस्टावरून पुढे चालत जायचे आणि ती चर्चच्या जोगिणींच्या अनाथाश्रमात देऊन परत यायचे. नऊ वेळा. कुंपणच शेत खात होतं, आर्जेओ. पहिल्या नाताळला तुझं कार्ड आलं होतं, तेही मीच चुलीत घातलं. तू परतलास की घर तुझं, तुझी बायको येणार, आणि मी जन्मभर तिच्या चुलीमागची मोलकरीण. हेच भय होतं. दुसरं काही नाही.

बाबा पोचपावतीची वाट बघायचे. पहिल्या वर्षी म्हणाले, "लसूण जास्त झाला वाटतं. शहरात वास चालत नाही." पुढच्या वेळी लसूण कमी केला. मग मिरी कमी केली. मग म्हणाले, "मीठच जास्त पडतंय. लहानपणी खारट लागलं की थुंकायचा तो." तुझ्या पट्टीचं मीठ दर वर्षी मूठ मूठ कमी होत गेलं. चेझीरा एकदा बघून ओरडली, "अहो, मांस आहे की भाजी? नासेल ना!" तर तिलाच म्हणाले, "माझा पोरगा खाणार आहे, तू नाहीस."

मी एका वाक्यात हे थांबवू शकले असते.

यंदा तुझ्या पट्टीला जेमतेम दोन मुठी मीठ लागलं, आणि फेब्रुवारी उबदार गेला. अखेरच्या आठवड्यात बाबांनी मांस नासलं का ते बघायची घोड्याच्या हाडाची टोचणी तिच्यात खुपसली आणि नाकाशी धरली. पुन्हा खुपसली. वास मला दारापर्यंत आला. बाबा पायरीवर बसले. "पन्नास वर्षांत माझी एक नासली नव्हती," म्हणाले. मग टोचणी पुसता पुसता, "इल्दे, मिठाचं काही नव्हतं गं. त्याला मीच नको असेन."

यावर मी काय म्हणाले? "चला, सूप निवतंय."

ते जेवले नाहीत. भिंतीकडे तोंड करून पडून राहिले. डॉक्टर म्हणाला, हृदय थकलंय. त्यानंतर पूर्ण तीन दिवस मला मिळाले होते. धीर झाला नाही असं लिहिणार होते, पण ते खोटं आहे. त्या तीन दिवसांतही मला घराचंच भय होतं, आणि तार केली नाही तीही त्याच भयाने.

तू तिकडे लोकांना सांगत असशील की बाप दगड होता. नव्हता रे. बाबा गेले ते तुला आपण नकोसे आहोत असं धरून गेले. ते मी केलं.

घर तुझं आहे. येत्या सोमवारपासून मी खालच्या गावात एका आजारी बाईची सेवा करायला राहते आहे. किल्ली चेझीराकडे ठेवली आहे. बाबांना आईच्या डावीकडे पुरलं. क्रूस लाकडाचा आहे आणि अजून कोरा आहे. सुताराला मी थांबवलं. त्यांचं नाव तू घाल.

क्षमा मागत नाही. बहीण असं लिहायला हात धजत नाही, म्हणून नुसतीच,

इल्दे