साठाव्या दिवसाची आवस

बाई, मी आता नांदेडात राहते आणि एक कादंबरी लिहून राहिले. दोन चंद्रांच्या देशाची आहे. मित्र म्हणतात, असलं काही मराठीत कुणी करत नाही, आणि मी मान डोलावते. पण तो देश सहावीच्या वर्गात, फळ्याच्या डाव्या कोपऱ्यात तुम्ही मांडला होता.

त्या साली दुष्काळ होता. विहिरीत गाळ उरला होता, टँकर तीन दिवसांआड यायचा, आणि टँकरच्या दिवशी वर्गात मुली नसायच्याच. आईबाप दिवस उगवायला सडकेवर खडी फोडायला जायचे, म्हणून वेशीपाशी घागरींचे नंबर लावून आम्ही बसायचो. आवसेला सगळ्यांनी शेतात जाऊन जेवायचा आमचा सण, येळवस, तोसुद्धा झाला नाही. रानात काही उभंच नव्हतं, तर खोप कशाची घालायची आणि भज्जी-आंबील घेऊन कुणाच्या शेतात जायचं? ती आवस कोरडीच गेली. दुसऱ्या दिवशी आम्ही तोंडं पाडून बसलेल्या बघून तुम्ही म्हणालात, "रडता कशाला गं? आपण आपलं कॅलेंडर करू. आपल्या देशाला दोन चंद्र." थोरला दर तिसाव्या दिवशी दिसेनासा होतो, धाकटा दर बाराव्या. "दोघं एकाच दिवशी कधी गायब होतील? काढा लसावि." साठ आला. मला आजही लसावि म्हटलं की दोन चंद्रच दिसतात. महिन्यांची नावं आम्ही ठेवली: धुळीचा महिना, बाभळीच्या शेंगांचा महिना, उसन्या पाण्याचा महिना. पाठकोऱ्या कागदांवर चौकटी आखल्या, खळीनं भिंतीला चिकटवल्या, रोज एकीनं फुली मारायची. साठाव्या दिवसाला तुम्ही नाव दिलं दुहेरी आवस. मी विचारलं, "त्या दिवशी तिथली माणसं काय करतात?" तुम्ही हसलात. "मला काय ठाऊक? तू ठरव. तुला लई सुचतं."

मला तसं आधी कुणी म्हणालं नव्हतं. मी ठरवलं. दुहेरी आवसेला त्या देशातली एकही पोरगी पाणी भरत नाही, डोक्यावर काही घेत नाही, सगळ्या मिळून येळवस करतात. एवढ्यावर थांबले असते तर ती गोष्टच राहिली असती. पण साठावा दिवस नेमका टँकरचा निघाला, आणि मी सकाळी घरोघर जाऊन सांगून आले, "आज घागरी न्यायच्या न्हाईत. बाईंनी सांगितलंय." नुसतं माझं कुणी ऐकलं नसतं.

अकरा जणी आलो. शाळेमागच्या लिंबाखाली एकीनं आणलेल्या चादरीची खोप घातली, मातीची भज्जी वाढली, दोन्ही चंद्रांना घास काढून ठेवले. तुम्ही खिडकीतून बघताय, खूश आहात. "आज सगळ्या हजर? टँकर आला न्हाई काय?" मी म्हणते, "न्हाई आला, बाई." वेशीवर टँकरचा हॉर्न वाजत होता. शाळा गावाच्या दुसऱ्या टोकाला, तुम्हाला ऐकू गेला नाही. मी कान लावून होते, मला गेला.

संध्याकाळी बाया रिकाम्या घागरी घेऊनच शाळेत आल्या. "कुठं हाय ती मास्तरीण? तुझ्या चंद्राला म्हणावं, ये माझ्या घरी आन् रांजण भर!" "सून बाळंतीण हाय माझी. तिला काय आता कॅलेंडर पाजू?" माझी आई सगळ्यांत पुढे होती, खडीची धूळ तोंडावर तशीच. तुम्हाला काही कळेना. मग एक पोरगी रडत म्हणाली, "तुम्हीच सांगितलं म्हणं ना, बाई." तुम्ही माझ्याकडे बघितलं. जास्त वेळ नाही. आणि म्हणालात, "हाव. मीच सांगितलं. चुकलं माझं."

तुमच्या खोलीतल्या दोन भरल्या घागरी तुम्ही स्वतः त्या बाळंतिणीकडे नेऊन ठेवल्यात. पुढचा टँकर येईपर्यंत तुम्ही कशावर भागवलं, मी विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी वर्गात तुम्ही भिंतीवरचं कॅलेंडर काढलं, घडी केली, माझ्या हातात दिलं. "घे. तुझं हाय हे." रागावला असतात तर बरं झालं असतं. आई घरी म्हणाली, "असल्या बाईच्या नादी लागायचं न्हाई," आणि मी "न्हाई लागणार" म्हटलं. तेव्हाही सांगता आलं असतं.

मग लातूर वेगळा जिल्हा झाला. चावडीपुढे हलगी वाजली, पोरांना पेढे मिळाले, आणि मास्तरांच्या बदल्यांच्या याद्या निघाल्या. तुम्ही मुखेडकडे गेलात, तुमच्या माहेरच्या बाजूला. काही जण म्हणाले, जिल्हा फुटला म्हणून गेल्या. काही म्हणाले, गावानं तक्रार केली होती. मी इतकी वर्षं पहिलंच धरून बसले.

परवा ज्या मित्रांना कादंबरी वाचायला दिली होती, त्यांच्यातल्या एकानं विचारलं, "सगळ्यांत भारी ते कॅलेंडर आहे. सुचलं कुठून?" मी म्हणाले, "माझं मीच केलं." बोलता बोलताच तुमचं ते बघणं आठवलं. रात्रभर तळमळत पडले नाही, सरळ सकाळची एसटी धरली. ठरवून गेले होते: आधी तुमच्यापुढे कबूल करायचं, मग गावात जाऊन आईपुढे, मग पुस्तकात तुमचं नाव घालायचं. मुखेडच्या शाळेत एक म्हातारा शिपाई भेटला. "बाई व्हय? त्यांना वारून लई वर्सं झाली, पोरी. कोण तू त्यांची?" मी म्हणाले, "विद्यार्थिनी." त्यानं पाणी दिलं. मी प्याले आणि स्टँडवर येऊन बसले.

बाई, गावची गाडी समोर लागली होती. मी नांदेडच्या गाडीत चढले. आईला अजून सांगितलेलं नाही. आणि खरं सांगायचं तर, त्या शिपायाचं बोलणं ऐकल्यावर आधी मला सुटल्यासारखं वाटलं. रडू आलं, पण नंतर, गाडी लोह्याच्या पुढे गेल्यावर.