एकाच सामन्याची दोन पत्रं

रविवार, ७ एप्रिल

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

जिंकलो! हे आधी लिहून टाकते, नाहीतर तू शेवटचं पान आधी उघडशील, तुझी खोड मला ठाऊक आहे. एक-शून्य. फायनल येत्या रविवारी. फुटबॉलमध्ये पगारी गोलकीपर होऊन मला अकरा वर्षं झाली, चार क्लब झाले, आणि फायनल ही पहिलीच. तीसुद्धा एकतिसाव्या वर्षी! नुसतं उभं राहायचा पगार कोण देतं, असं बाबा विचारायचे ना? त्यांना म्हणावं, आता बघा.

आमचा गोल लवकर झाला आणि मग समोरच्या बायकांनी आमच्या नाकी नऊ आणले. ओरडून ओरडून माझा घसा बसला. शेवटची दहा मिनिटं उरली असताना कोपऱ्यावरून चेंडू आला. मी उडी मारून धरला, आणि त्यांची ती धिप्पाड फॉरवर्ड मला घेऊन सरळ गोलच्या खांबावर आली. डोकं टण्णकन आपटलं. चेंडू मात्र सोडला नाही हं!

संघाच्या डॉक्टरबाई धावत आल्या. डोक्याला लागलं की त्या ठरलेले प्रश्न विचारतात: आज समोर कोण आहे, किती मिनिटं झाली, गोल कुणी केला. आता तुला म्हणून सांगते, मला एकाचंही उत्तर येत नव्हतं. पण त्यांच्या मागेच हा एवढा मोठा गुणफलक! बघून धडाधड सांगून टाकलं. शाळेत इतकी छान कॉपी जमली असती तर गणितात गटांगळ्या खाल्ल्या नसत्या.

बाबांना यातलं काही कळू देऊ नकोस, त्यांना उगीच रक्तदाबाचा त्रास. तुझा नवा चष्मा आला का? आमच्या दुसऱ्या गोलकीपरला, धाकटीला, माझ्याच खोलीत ठेवलंय. एकवीस वर्षांची पोर, पण घोरते ट्रकसारखी.

लोभ आहेच, फायनलपुरता थोडा जास्त असू दे.
तुझी,
भिंगरी

मंगळवार, ९ एप्रिल

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

सामना झाल्यापासून तुला दोन ओळी लिहायला सवड झाली नाही, रागावू नकोस. जिंकलो! हे आधी लिहून टाकते, नाहीतर तू शेवटचं पान आधी उघडशील. दोन-एक. त्यांचा गोल कसा झाला ते काही आठवत नाही, म्हणजे चूक माझीच असणार. फायनल रविवारी आहे. अकरा वर्षांतली पहिलीच, आणि तीसुद्धा एकतिसाव्या वर्षी!

एक गंमत तुला म्हणून सांगते. खांबावर डोकं आपटलं, डॉक्टरबाई प्रश्न विचारायला लागल्या, आणि मी गुणफलकावर बघून सगळी उत्तरं दिली. शाळेत इतकी छान कॉपी जमली असती तर! बाबांना कळू देऊ नकोस.

आज सरावाला जरा लवकर थांबले. ऊन फार लागतंय, म्हणून खोलीत पडदे ओढून बसलेय. मघाशी मी वरच्या मजल्यावर कुणा भलत्याच्याच दाराला किल्ली लावत होते, धाकटी हसून हसून लोळली. झोप नीट झाली की होईल बरं. बाय द वे, ही धाकटी घोरते ट्रकसारखी, हे तुला सांगायचं राहिलंच.

तुझा नवा चष्मा आला का? लोभ आहेच.
तुझी,
भिंगरी

गुरुवार, ११ एप्रिल

चि. भिंगरीस,
अ. उ. आ.

तुझी दोन्ही पत्रं आज दुपारी एकाच टपालात आली. पहिलं वाचून पोस्टमनला थांबवून सांगितलं की आमची पोर फायनलला गेली. दुसरं वाचलं आणि पहिलं पुन्हा उघडलं.

बाई गं, मी तीस वर्षं गिरणीत कापड तपासलंय. मागांच्या खडखडाटाने कान गेले, म्हणून तर फोन माझ्या उपयोगाचा नाही आणि तुला हा पत्रांचा जाच. पण डोळे शाबूत आहेत. कापडात एकदा दोष आला तर तो धाग्याचा. तोच दोष पुन्हा तसाच आला तर तो मागाचा, मग मालक उभा असला तरी माग थांबवायचा. ही दोन पत्रं मी टेबलावर शेजारी शेजारी ठेवलीत. पहिलं लिहिल्याचं तुझ्या गावीही नाही, आणि एक-शून्यचं दोन-एक झालंय.

आमच्या खात्यात एक होती. मागावर धागा इकडून तिकडे नेणारा लाकडी धोटा उडून तिच्या कपाळावर बसला. तीही तुझ्यासारखीच हसली आणि पट्टी बांधून कामाला लागली. आठवड्याने दाराची चौकट लागली, अगदी हलकीच, आणि ती संपली. तिची पाळी संपायला अर्धा तास होता. हे मी तुला आजवर सांगितलं नव्हतं.

तेव्हा ऐक. तू नको म्हणालीस तरी मी दादाला सगळं सांगितलं. त्याने रक्तदाबाची गोळी घेतली आणि तो पिशवी भरायला लागला. उद्या पहिल्या बसने निघतोय. तुझी दोन्ही पत्रं, हे पत्र आणि तुमच्या डॉक्टरबाईंना लिहिलेली चिठ्ठी त्याच्याकडे देतेय. तू शिव्या घालशील. मलाच घाल, तो बिचारा नुसता निरोप्या आहे.

माझा लोभ तुला आज गोड लागणार नाही, तरी तो आहे.
तुझी,
आत्या

गुरुवार, ११ एप्रिल

मा. डॉक्टरबाई यांस,
स. न. वि. वि.

मी तुमच्या गोलकीपरची आत्या. आई लवकर गेली, म्हणून ती माझ्याच हाताखाली वाढली. सोबतची दोन पत्रं तारखा बघून वाचावीत. तिने तुम्हाला फसवलं, त्याबद्दल मी तिच्या वतीने माफी मागते. ती फार लाघवी आहे, मलाही लहानपणापासून फसवत आलीय. पण तिला रविवारी खेळू देऊ नका, पाया पडते. चषकाचं काय ते तुमचं तुम्ही बघा, आमचं माणूस एवढंच आहे.

आपली,
एक चिंताग्रस्त बाई

शनिवार, १३ एप्रिल

ती. आत्याबाईंस,
सा. न. वि. वि.

तुमचे बंधू काल दुपारी आले. पत्रं वाचून मी तुमच्या भाचीला सरावाच्या मैदानावरूनच इस्पितळात नेलं. मेंदूच्या आवरणाखाली थोडा रक्तस्राव आहे. शस्त्रक्रिया लागणार नाही, पूर्ण विश्रांती लागेल. पुन्हा मार बसला असता तर काय झालं असतं ते तुम्हाला माहीत आहे, मी लिहीत नाही. गुणफलकाकडे तोंड करून तिला बसवलं ती मी. ही चूक माझी आहे, तिच्या माथी मारू नका.

आपली कृतज्ञ,
संघाची डॉक्टर

शनिवार, १३ एप्रिल

आत्या,

नमस्कार वगैरे काही नाही. एकतीस वर्षांच्या बाईला बाप येऊन मैदानावरून घेऊन गेला, सगळ्या संघासमोर, हातात कापडी पिशवी घेऊन! जमिनीने पोटात घेतलं असतं तर बरं झालं असतं. मी तुला विश्वासाने लिहिलं आणि तू ते गावभर केलंस.

तुला कल्पना तरी आहे का? माझ्या वयाची गोलकीपर एकदा बाहेर बसली की तिला परत कुणी बोलवत नाही. उद्या धाकटी खेळेल, चांगली खेळेल, आणि मी संपेन. अकरा वर्षं मी उद्याच्या एका दिवसासाठी काढली होती. तुझ्या गिरणीतल्या बाईचं वाईट वाटलं, पण ती मी नव्हे.

इस्पितळात लिहायला मनाई आहे, नर्सची नजर चुकवून लिहितेय. मला उत्तर नको. लोभाची ओळ मुद्दाम लिहीत नाही.

भिंगरी

मंगळवार, १६ एप्रिल

चि. भिंगरीस,
अ. उ. आ.

उत्तर नको म्हणालीस, पण मी तुझं कधी ऐकलंय? तुझं रागाचं पत्र तीनदा वाचलं. त्यात एकही वाक्य आधीच्या पत्रांतलं नाही. जे लिहिलंयस ते सगळं नवं, ताजं आणि झोंबणारं. वाचून इतकं बरं वाटलं म्हणून सांगू, शेजारणीला बोलावून चहा पाजला.

विश्वास मोडला हे खरं. त्याची माफी मागणार नाही, कारण उद्या वेळ आली तर पुन्हा मोडेन. तू वर्षभर अबोला धर, दहा वर्षं धर. रागावलेली भाची मला चालेल. पण पत्रंच यायची थांबली असती तर मी काय करणार होते गं?

दादाने चिठ्ठीत लिहिलंय की तू नीट जेवत नाहीस. जेव.

तुझ्या वाटचा लोभही मीच लिहून टाकते.
तुझी,
आत्या

सोमवार, २२ एप्रिल

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

नमस्कार पुन्हा घातलाय, बघितलंस ना? आता ऐक, फायनलचं तुला कुणी धड सांगितलं नसेल.

मला टीव्ही बघायला बंदी होती. तेव्हा बाबा बाहेर व्हरांड्यातल्या टीव्हीसमोर बसले आणि दर दहा मिनिटांनी आत येऊन बातमी द्यायला लागले. देवा! पहिल्यांदा आले ते म्हणाले की आपण हरतोय. मी विचारलं किती. शून्य-शून्य, पण लक्षण ठीक दिसत नाही, म्हणाले. मी तोंड फिरवून पडले होते, तरी हसू आलं.

मग एकदा आले. पलंगाच्या पायथ्याशी बसले आणि पांघरुणावरून माझा पाय घट्ट धरला. मग सांगितलं की धाकटी खाली झेपावली आणि कुणाचा तरी गुडघा तिच्या डोक्यावर बसला. डॉक्टरबाईंनी तिला आधी फलकाकडे पाठ करून बसवलं, मगच प्रश्न विचारले. तिने सगळी उत्तरं बरोबर दिली आणि उभी राहिली. तिचं डोकं धड होतं म्हणून ती उभी राहिली, आत्या. तिच्या जागी मी असते. तोच चेंडू, तशीच मीही झेपावले असते, आणि तो गुडघा माझ्या डोक्यावर बसला असता. मग बाबा रडले आणि मीही रडले. नर्स दोघांवर ओरडली.

संघ जिंकला. धाकटीने शेवटी पेनल्टी अडवली. मला वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू? फार वाटलं. पण कोचबाई येऊन गेल्या. ऑगस्टपर्यंत तज्ज्ञांनी परवानगी दिली तर माझा करार वर्षभर वाढेल, पण जागा मात्र धाकटीशी झगडून मिळवावी लागेल, असं सांगितलं. तेवढं पुरे.

त्या पत्रात मी जे लिहिलं ते फाडून टाक. तुझा लोभ मला परत हवाय.
तुझी,
भिंगरी

रविवार, १८ ऑगस्ट

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

आज खेळले! महिनाभर तपासण्या झाल्या, तज्ज्ञांनी शब्द पाठ करून घेतले, उलटे आकडे म्हणायला लावले, एका पायावर उभं केलं. शेवटी सही केली. धाकटीच्या मनगटाला लचक आली म्हणून आजची संधी मिळाली. पुढच्या वेळी मिळेलच असं नाही, पण आज मी होते.

पहिल्या चेंडूला घाबरले. तो हातात आला तेव्हा लक्षात आलं की मी डोळे मिटले होते. दुसऱ्याला उघडे ठेवले. विसाव्या मिनिटाला गोल खाल्ला, सरळ पायांमधून, शाळकरी पोरगी खाईल तसा. मागून एक बाई ओरडली की आजीला घरी पाठवा. मग आमचा एक झाला. साठाव्या मिनिटाला कोपऱ्यावरून चेंडू आला, गर्दीत घुसले आणि मुठीने पार मैदानाबाहेर घालवला. शेवटी दुसरा गोल खाल्ला, डाव्या कोपऱ्यात वरून, तो कुणालाच अडवता आला नसता. दोन-एक हरलो.

परतीच्या बसमध्ये सगळ्या तोंडं पाडून बसल्या होत्या आणि मी खिडकीशी बसून एकटीच हसत होते. कोचबाईंनी विचारलं की हरल्यावर एवढं हसण्यासारखं काय आहे. त्यांना काय सांगणार? आत्या, मला सगळं आठवतंय. नव्वदच्या नव्वद मिनिटं, तिन्ही गोल, ती ओरडणारी बाई आणि तिची हिरवी छत्रीसुद्धा.

तुझा लोभ होता म्हणून आज मी आहे.
तुझी,
भिंगरी