हिरव्या खुणेची सही

मंगळवार, संध्याकाळ. सेक्टर 2

डोकं अजून तापूनच आहे.

हथखोजच्या आमच्या बोल्टच्या फॅक्टरीत मी माल तपासला की टेस्ट सर्टिफिकेटवर माही डिजिटल सही लागते. तिचं टोकन, पेन ड्राइव्हसारखं, मी ऑफिसच्या कॉम्प्युटरलेच लावून ठेवतो. पिनची चिठ्ठी ड्रॉवरमध्ये. सगळेच असं करतात, म्हणून मी पण.

आज सकाळपासून सहीच होत नव्हती. टोकन ओळखणारी डीएलएल फाइल सापडत नाही, असं कॉम्प्युटर सांगून राहिला होता. कॉम्प्युटर ऑपरेटर वर्माजीनं ती फाइल नव्यानं टाकली. मी जेवून आलो तर सात सर्टिफिकेट तयार! प्रत्येकावर माही सही, बाजूला हिरवी खूण. म्हणजे सही अस्सल.

अन् ते बोल्ट मी पाहिलेच नव्हते! टेस्टिंग मशीनवर एकही चढला नव्हता. उद्या त्याच बोल्टवर क्रेन उभी राहीन, खाली माणसं काम करतीन.

"कावून केलं असं?" मी ओरडलोच.

"सर, ट्रक खडा था. और देखिए ना, हरा निशान आ रहा है."

हिरवी खूण! तिले काय मालूम, बटन कोणाच्या बोटानं दाबलं? ट्रक मी थांबवला, सातही सर्टिफिकेट रद्द करायले लावले. तरी राग जात नाही. वर्माजीचा येऊन राहिला की माहाच?

टोकन खिशात घालून घरी आणलं. बायकोनं विचारलं, "हे काय होय?"

"माही सही," मी म्हटलं.

"मंग इतके दिवस कुठी होती?"