गाण्यातली मोकळी जागा

गुरुजी, तुमची कॅसेट अजून वाजते. तुम्हाला जाऊन बरीच वर्षं झाली, वस्तीवरच्या तुमच्या गायन पार्टीतले निम्मे पुण्याकडं पांगले, पण कॅसेट वाजते. परवा भूमच्या बाजारात चहाच्या गाड्यावर ऐकली. मी खरं तर शेळ्या बघत होतो. घ्यायच्या नव्हत्या, नुसत्या बघत होतो. तुम्ही म्हणायचात, "तुझं डोकं म्हंजी एसटी स्टँड, एक इचार मुक्कामाला थांबत न्हाय." तर शेळ्या राहिल्या आणि मी गाड्यापाशी गेलो, कारण ती ओळ जवळ आली होती. "विहीर खणली साऱ्यांनी, पाणी गेलं कुणाच्या रानात?" पुढं गाणं गप्प. नुसतं घमेलं वाजतं, ठण्ण ठण्ण. तेवढ्या जागेत चहावाल्यासकट सगळे ओरडले, "चेअरमनच्याऽऽ!" मीही ओरडलो, चेअरमन त्यांच्या गावचा. एक म्हातारी हसत म्हणाली, "हळू बोंबला रं, त्येचा जावई हितंच बसलाय." जावईबुवा बशीत तोंड घालून चहा पीत राहिले.

ती जागा तुम्ही केलीत तो दिवस मला दिसतो. रेकॉर्डिंगला शाळेची खोली, बाकं भिंतीला सरकवलेली, आवाज येऊ नये म्हणून खिडक्या लावलेल्या, आत भट्टी. पेटी नको, असं तुम्ही बजावलेलं. मोठ्या दुष्काळात खडी फोडताना बाया हातोड्याच्या ठेक्यावर जसं म्हणायच्या तसंच म्हणायचं, अर्धं बोलणं, अर्धं गाणं. मी दहावीला दुसऱ्यांदा बसायच्या बेतात होतो, तरी घमेलं तुम्ही माझ्याकडंच दिलंत. वस्तीत गाताना त्या ओळीपुढं माझ्या बापाचं, आबांचं नाव यायचं. आबा सोसायटीचे चेअरमन. विहीर दुष्काळी कामात साऱ्या गावानं खणली आणि पाणी आमच्या उसाला आलं, ह्यात लपवण्यासारखं काही नव्हतंच. ओळ आली. तुम्ही माझ्याकडं बघितलंत आणि नाव घेतलंच नाहीत. माझा एक ठोका चुकला.

टेप बंद झाल्यावर मी विचारलं, "गुरुजी, नाव इसरलात का?"

"इसरलो न्हाय. जागा सोडली. जिथं वाजंल तिथल्यांनी भरावी." मग घमेल्याकडं बोट करून, "आन् तू ठोका का खाल्लास? घरी जेवाय घालत न्हाईत व्हय?"

सगळे हसले. पुन्हा रेकॉर्ड करू म्हटलं तर तुम्ही ऐकलं नाहीत. मी गाव सोडून भटकायला लागलो तेव्हा पहिली कॅसेट माझ्याच हातात ठेवलीत. "तुझा पाय ठरत न्हाय, तवा तूच ने." येडशीला रेल्वे स्टेशनवर, कुठल्या कुठल्या ढाब्यावर, जिथं टेप दिसेल तिथं मी ती लावत गेलो. लोकांनी कॉपी करून घेतली, कॉपीची कॉपी केली. माझा चुकलेला ठोकाही सगळीकडं पोचला. जागेत मात्र प्रत्येक गावाचा माणूस वेगळा. कुठं सरपंच, कुठं सावकार, एका ठिकाणी तर देवस्थानचा पुजारी.

आता धाराशिवच्या कॅसेटवाल्याला पहिली कॅसेट पाहिजे. नव्यानं काढतो म्हणाला, झकास कव्हर घालून. "फकस्त त्या गॅपमदी पेटी भरू. गिऱ्हाईक म्हणतंय टेप बिघडली."

कॅसेट त्याच्या काउंटरवर ठेवून मी बाहेर जाऊन उसाचा रस पिऊन आलो. खोटं कशाला सांगू, रस पिताना वाटत होतं की भरू दे. पेटी वाजली की कुणी ओरडायचं नाही, कुठल्याच गावात नाही, आपल्याही नाही. आत येऊन कॅसेट उचलली.

"पेटी नको. जागा ऱ्हाऊ द्या."

"मग खपायची न्हाय बघा."

"न खपताच इथवर आली की," म्हणालो आणि निघालो.

हे स्टँडवर बसून लिहितोय. भूमला मी ओरडलो, येडशीला घसा बसेपर्यंत ओरडलो. आपल्या गावात पारावर कॅसेट लागली की ओळ यायच्या आधी तंबाखू आणायचं निमित्त करून उठतो. आबांना आता ऐकू येत नाही. तरी उठतो.