जुलैतली भाऊबीज

आई, मिल्टन कीन्सच्या घरामागच्या अंगणात तू दर भाऊबीजेला चंद्राला ओवाळायचीस. भाऊ जवळ नसला की चंद्रालाच भाऊ मानायचं, ही आपली रीत. पण इंग्लंडातला चंद्र मोठा लबाड, आधीच बीजेची बारीक कोर, ती ढगातून तोंड काढील तर शपथ! हॉस्पिटलातून दमून आलेली तू साडीवर कोट चढवून, निरांजनाला हाताचा आडोसा करून उभी असायचीस आणि आम्ही खिडकीतून हसायचो. तुझा भाऊ कराचीत होता. लहानपणी सुट्टीत तू कराचीहून मुंबईला मावशीकडे आलीस आणि मागे फाळणी झाली. आजी-आजोबा आणि धाकटा मामा तिकडेच राहिले. पुढे कधी तुला व्हिसा नाही, कधी त्याला. शेवटी तुमच्या भेटीला तिसराच देश लागला.

मामा आला तो जुलैत. हीथ्रोवर तू त्याला आजोबांसारख्या चालीवरून ओळखलंस. "ताई, तू तर बिलकुल आईच दिसतेस गं," म्हणत तो तिथेच रडायला लागला. आणि अख्ख्या वॉर्डाला धाकात ठेवणारी तू, त्याची बॅग ओढत म्हणालीस, "चल, पार्किंगचा टाइम संपतोय." गाडीत बसल्यावर मात्र तुला किल्ली लावता येईना.

दिवाळीपर्यंत त्याला थांबता येणार नव्हतं. तूच ठरवलंस, रविवारी भाऊबीज.

"आई, इट्स जुलै!" मी म्हणाले.

"कॅलेंडर राहू दे भिंतीवर. माझा भाऊ आलाय."

डोकं झाकायला टोपी सापडेना, म्हणून बाबांची गोंड्याची लोकरी टोपी घालून मामा पाटावर बसलाय, घामाघूम. जेवायला आलेल्या एक काकू हळूच विचारतात, "कराचीचे म्हणजे पाकिस्तानीच ना? मग मराठी कसे?" तुझा ओवाळणारा हात थांबत नाही. "तो जन्मला त्याच गल्लीत राहतो अजून. हद्द हलली, त्याला तो काय करणार?" काकू श्रीखंड वाढून घेतात. मला तुझा तेव्हा जो अभिमान वाटला, तो आजही तसाच वाटतो. रडगाणं तू कधी गायलं नाहीस.

त्यानंतर तुमची भेट झाली नाही. हे पत्र पाठवायला पत्ता नाही, तरी एक सांगायचंय. मामा आता फार विसरतो. तू गेल्याचं दर वेळी नव्याने ऐकतो, नव्याने रडतो. माझा आवाज तुझ्यासारखा आहे म्हणतात. परवा त्याचा फोन आला.

"ताई?"

मी म्हणाले, "हो रे. जेवलास का?"