वारं उतरलंच नाही

१२ एप्रिल २०२४
पडेगावात पोचलो. बिरोबाच्या कृपेनं काम बरं आहे. एका गोदामात व्हिडिओ गेमसाठी माणसांच्या हालचाली टिपतात. अंगाला घट्ट काळा पोशाख, त्यावर चकाकत्या गोळ्या. कॅमेऱ्यांना माझा चेहरा नको, नुसती चाल हवी. मी काठी खांद्यावर टाकून चाललो की पडद्यावर राखाडी पुतळा तसाच चालतो. त्याच्यावरून गेममधला धनगर करणार आहेत. गावाकडं चारा नाही, पाणी टँकरचं. इथं पन्नाशीच्या माणसाला चालायचं काम मिळालं. घरून बायको बानाबाई फोनवर म्हणाली, मणी घातलेला मेंढा दिसत असाल. मग हळूच विचारलं, जेवलात का.

१९ एप्रिल
कोकरू म्हणून वाळूची पिशवी उचलली. संगणकावर बसणारी निलोफर म्हणाली, कडूबाचाचा, आता तुम्ही मरत नाही, गेममध्ये चालतच राहणार. दोघंही हसलो. खिडकीतून नव्या इमारती दिसतात. तिथं पूर्वी आमची मेंढरं बसायची.

२६ एप्रिल
गेममधल्या धनगराच्या अंगात देव येतो, तसं घुमून दाखवायचं होतं. खोटं घुमायचं म्हणून देवाची मनात माफी मागितली. निलोफरनं फोनवर आमचा ढोल लावला आणि खरंच वारं आलं. पुढचं घुमणं आठवत नाही.
आमच्यात वारं आलं की घरचं कुणी कपाळाला भंडारा लावतं, हात जोडून म्हणतं, देवा, आता घरी जा. मगच माणूस भानावर येतो. निलोफरला हे काय ठाऊक. तिनं ढोल थांबवला, लई भारी झालं म्हणाली आणि दिवे घालवले.

२९ एप्रिल
पोशाख खुंटीला, मी बाकावर चहा पीत होतो. पडद्यावर पुतळा घुमत होता. निलोफर म्हणाली, टिपलेलं तर मी लावलंच नाही, मशीन बिघडलं असेल. मी म्हटलं, त्याला निरोप दिलेला नाही. चाचा, मजाक नको, म्हणाली.

२ मे
गंगापूरजवळ, घरी. बानाबाईनं भंडारा लावला, निरोप दिला. मग म्हणाली, अवो, तुमच्यात कुणीच नाय. मेंढरं माझ्या हाकेला वळली नाहीत. कुत्रं वास घेऊन मागं सरलं.

४ मे
निलोफरचा फोन. पुतळा चालतोय, काठी खांद्यावर. मी बांधावर तसाच चालत होतो. तिच्याशी बोलता बोलता बसायला गेलो— गुडघे वाकेनात. तिनं सांगितलं, तो अजून उभा आहे.

६ मे, दुपार
भंडारा घेऊन गोदामात आलो. निलोफर दाराशी. म्हणाली, होईल ते लिहीत राहा, मालकाला दाखवू. लिहिणारा हात तेवढा माझा आहे.
दुसरा उचलत नाही— पडद्यावर पुतळ्याचा उचलला. कपाळाकडं—
माझ्या कपाळाला गार लागलं.
आता हात जोडतोय. माझ्याकडं तोंड करून. त्याला तोंड नाही, तरी ऐकू येतं. निलोफर रडत विचारते, काय म्हणतोय तो.
देवा, आता घरी जा म्हणतोय. मला. अरे, मी देव नाही, मी कडूबा, माझं घर